एकॉर्न खायचे असतील तर: ओकच्या फळातला तुरटपणा पूर्ण काढण्याची कृती

ओकच्या झाडाची फळं, म्हणजे एकॉर्न, माणसाला खाता येतात. अट एकच: त्यातलं टॅनिन, म्हणजे तुरटपणा आणणारं द्रव्य, पाण्यात उतरवून काढून टाकलेलं असलं पाहिजे. नेमकी हीच पायरी लोक अर्धवट सोडतात. हिवाळ्यात उत्तराखंडात केदारकंठा, चोपता, बिनसर, मुक्तेश्वर या बाजूला जाणारी पुणेकर मंडळी झाडाखालचे एकॉर्न पिशवीत घालून आणतात, घरी आल्यावर कढईत भाजतात, एक चावून बघतात आणि बाकीचे कचऱ्यात टाकतात. काहीजण रात्रभर भिजवून सकाळी वाटतात, थालीपिठाच्या भाजणीत मिसळतात आणि दुपारी घरातल्या सगळ्यांचं पोट दुखतं.

भाजण्याने टॅनिन जात नाही. ते पाण्यात विरघळतं आणि पाण्याबरोबरच बाहेर जातं. पुढची सगळी कृती या एका गोष्टीभोवती आहे. स्पेनमध्ये ओकच्या काही झाडांची फळं मुळातच गोडसर असतात आणि ती नुसती भाजून खाल्ली जातात. तसा एखादा व्हिडिओ बघून हिमालयातल्या बांज नावाच्या ओकच्या फळांचा अंदाज बांधला की फसगत ठरलेलीच.

न धुतलेलं फळ खाल्लं तर काय होतं? टॅनिन लाळेतल्या प्रथिनांना चिकटतं, म्हणून तोंड आखडतं आणि जीभ कोरडी पडते. जास्त पोटात गेलं तर मळमळ, पोटदुखी, बद्धकोष्ठता. अन्नातलं लोहही नीट शोषलं जात नाही. एखादं फळ चुकून चावलं गेलं तर घाबरायचं कारण नाही, थुंकून चूळ भरा. वाटीभर खाणं मात्र टाळायचंच.

टप्पा १: हातात आहे ते एकॉर्नच आहे का?

पुण्यात रस्त्याकडेला, जुन्या बंगल्यांच्या आवारात, कॉलेजांच्या परिसरात ‘सिल्व्हर ओक’ भरपूर आहेत. नावात ओक असलं तरी हे झाड ऑस्ट्रेलियातलं, वेगळ्याच कुळातलं आहे. त्याला उन्हाळ्याच्या तोंडावर नारिंगी-पिवळी फुलं येतात, नंतर होडीच्या आकाराच्या छोट्या शेंगा धरतात आणि त्यातून पंख असलेल्या चपट्या बिया पडतात. या बिया, फुलं, शेंगा यांतलं काहीही खायचं नाही. कितीही धुतलं तरी नाही, कारण त्यातली विषारी द्रव्यं निराळी आहेत आणि ही कृती त्यांच्यासाठी नाही.

सह्याद्रीत खरा ओक नैसर्गिकरीत्या उगवत नाही. भारतातले ओक हिमालयात आणि ईशान्येकडच्या डोंगरांत आहेत. म्हणून सिंहगडाच्या वाटेवर किंवा वेताळ टेकडीवर सापडलेलं कुठलंही कठीण कवचाचं फळ एकॉर्न समजून घरी आणू नका.

खऱ्या एकॉर्नची खूण त्याच्या टोपीत आहे. फळाच्या देठाकडच्या भागावर खवल्याखवल्यांची वाटीसारखी टोपी असते, उरलेला भाग गुळगुळीत असतो आणि खालच्या टोकाला एक छोटी टोकदार चोच असते. पिकल्यावर फळ टोपीतून सहज सुटतं. उत्तराखंडात साधारण १२०० ते २३०० मीटर उंचीवर दिसतो तो बांज. त्याची पानं वरून गडद हिरवी, कडांना दातेरी आणि खालून पांढुरकी, मऊ लव असलेली असतात. पान उलटून बघितलंत की ओळख पक्की होते. त्याहून वरच्या उंचीवर खरसू हा दुसरा ओक लागतो. त्याची फळं पावसाळ्यात पिकतात आणि पडता पडताच अंकुरतात, त्यामुळे प्रवासात आणण्यासाठी ती सोयीची नाहीत.

सावधान: हिमालयात हॉर्स चेस्टनट नावाचंही झाड आहे. त्याची बी मोठी, तपकिरी आणि चकचकीत असते. एका बाजूला मोठा फिकट डाग असतो, टोकाला चोच नसते आणि ती टोपीतून नव्हे, जाड चामड्यासारख्या सालीतून बाहेर येते. ही बी विषारी आहे. टोपी नाही, चोच नाही, तर फळ तिथेच ठेवायचं.

आणखी एक गोंधळ आपल्याकडचा. बाळगुटीच्या पुडीत असतं ते मायफळ ओकच्याच एका जातीच्या झाडावर धरतं, पण ते फळ नाही. एक बारीक गांधीलमाशी फांदीवर अंडी घालते, तिथे झाडाला गाठ येते, ती गाठ म्हणजे मायफळ. त्यात निम्म्याहून अधिक टॅनिनच असतं. औषधात उगाळून एखादा वेढा देण्यापुरतं ते ठीक. काष्ठौषधीच्या दुकानातून पावशेर मायफळ आणून त्याचं पीठ करायला जाऊ नका.

टप्पा २: कुठून आणायचे, कुठून नाही

राष्ट्रीय उद्यानं आणि अभयारण्यांतून काहीही उचलायचं नाही. बिनसर हे अभयारण्य आहे हे तिथे जाणाऱ्या बऱ्याच जणांच्या लक्षात नसतं. राखीव जंगलातही परवानगी लागते. सोपा मार्ग असा की ज्या होमस्टेत उतरला आहात त्या घराच्या स्वतःच्या जमिनीत बांज असेल तर मालकाला विचारा आणि तेवढेच घ्या. तिथल्या अस्वलांचं, वानरांचं आणि उडत्या खारींचं हे हिवाळ्यातलं अन्न आहे, आणि बांजची नवी रोपंही याच फळांतून येतात. एका झाडाखालची सगळी फळं गोळा करू नका. घरी करून बघायला एक किलो पुरे. त्यातून सगळं आटोपल्यावर ३०० ग्रॅमच्या आसपास पीठ हाती येईल एवढाच हिशेब धरा.

अमेरिकेत किंवा युरोपात असलेल्या मुला-नातवंडांना सुटकेसमधून कच्चे एकॉर्न आणायला सांगू नका. परदेशातून उगवू शकणारं बी भारतात आणायला २००३ च्या वनस्पती विलगीकरण आदेशानुसार परवाना आणि रोगमुक्ततेचं प्रमाणपत्र लागतं. तो नियम योग्यच आहे, कारण फळातल्या किड्यांबरोबर नवे रोग येतात.

कोरियन किराण्यात एकॉर्नची पावडर पाकिटात मिळते. तिकडे एकॉर्नला दोतोरी म्हणतात. ती बहुतेक वेळा धुऊन, टॅनिन काढून केलेलं नुसतं स्टार्च असते. तिला पुढचे धुण्याचे टप्पे लागत नाहीत, थेट टप्पा ८ वर जा. मात्र पाकिटावर नुसतं स्टार्च आहे की पूर्ण फळाचं पीठ आहे आणि त्यात रताळ्याचं किंवा दुसरं पीठ मिसळलंय का, ते वाचून घ्या. दोन्ही वेगळ्या तऱ्हेने शिजतात.

टप्पा ३: निवड, आणि तीही लगेच

झाडाखालीच पहिली निवड करा. कवचावर छोटं गोल भोक असेल तर आत अळी होती आणि ती बाहेर पडून गेली आहे. तडा गेलेलं, बुरशी आलेलं, कोंब फुटून लांब वाढलेलं फळ घेऊ नका. हिरवी कच्ची फळंही नकोत, पिकून गळालेली तपकिरी घ्या.

प्रवासात कापडी पिशवी वापरा. प्लास्टिकमध्ये बांधून ठेवलेली ताजी फळं दिल्ली-पुणे प्रवासातच घामेजतात आणि घरी पोचेपर्यंत बुरशी धरतात.

घरी आल्यावर त्याच दिवशी बादलीभर पाण्यात टाका. तळाला बसतात ती चांगली, तरंगतात त्यातली बहुतेक किडकी किंवा पोकळ. टोप्या आधी काढून टाका, नाहीतर टोपीत अडकलेल्या हवेने चांगली फळंही वर राहतात.

सावधान: ही परीक्षा फक्त ताज्या फळांची. आठ-दहा दिवस घरात पडून सुकलेली फळं हलकी होतात आणि चांगली असूनही तरंगतात. उशीर झाला असेल तर पाण्याचा निकाल मानू नका, एकेक फोडून आतला गर बघा.

पाण्यातून काढल्यावर पंचाने पुसा, एक दिवस सावलीत पसरा आणि दोन दिवस फ्रीजरमध्ये ठेवा. आत राहिलेल्या अळ्या मरतात. अळी दिसली म्हणून घाबरू नका, तेवढं फळ टाकून द्या.

टप्पा ४: कवचासकट वाळवणं

ओलं फळ फोडायला गेलात तर गर कवचाला आणि आतल्या पापुद्र्याला घट्ट चिकटलेला असतो. वाळल्यावर तो आकसतो आणि सुटतो. म्हणून आधी वाळवायचं, मग फोडायचं. क्रम उलटा झाला की पुढच्या टप्प्याला तिप्पट वेळ जातो.

पुण्यात दिवाळीनंतर ते होळीपर्यंतचं कोरडं ऊन यासाठी उत्तम. ताटात किंवा सुपात एकाच थरात पसरा आणि वरून जाळी बांधा. खारी आणि कावळे नेमके हेरतात. रात्री आत घ्या, पहाटेचं दव नको. साधारण आठवडाभरात फळ कानाशी हलवलं की आतला गर खुळखुळतो. पावसाळ्यात मात्र उन्हावर विसंबू नका. तेव्हा ओव्हन सगळ्यांत कमी आचेवर, दार किंचित उघडं ठेवून वापरा. फळ हाताला गरम लागावं, भाजलं जाऊ नये.

तपासा: चार-पाच फळं फोडून बघा. गर पिवळसर किंवा फिकट तपकिरी, कडक आणि वासरहित असेल तर पुढे जा. काळा पडलेला, हिरवट बुरशीचा, कुबट वासाचा गर टाकून द्या. बुरशी धुऊन जात नाही आणि तिचं विषही शिजवून जात नाही, त्यामुळे इथे ‘एवढंसंच आहे’ म्हणून चालवून घेऊ नये.

टप्पा ५: फोडणं आणि पापुद्रा काढणं

यासाठी आपल्याकडचा अडकित्ता झकास चालतो. फळ आडवं धरून हलकेच दाबा, कवच चिरलं की हाताने सोला. अडकित्ता नसेल तर फळ उभं धरून खलबत्त्यात एकच ठोका द्या. सलग कुटत राहिलात तर कवचाचे तुकडे गरात मिसळतात आणि ते निवडत बसणं फार कंटाळवाणं.

गरावर तपकिरी पापुद्रा असतो, त्यातही तुरटपणा असतो. नीट वाळलेल्या गरावरून तो दोन्ही हातांनी चोळला की बराचसा सुटतो. मग पाखडून घ्या. चिकटून राहिला तर गर पाच मिनिटं गरम पाण्यात ठेवा आणि मग बोटांनी काढा. शेवटचा कण निघेपर्यंत अट्टहास नको, राहिलेला पुढे धुतला जातो.

सावधान: इथून पुढे लोखंड नको. टॅनिन आणि लोह एकत्र आले की निळसर काळा रंग तयार होतो, जुन्या काळी शाई अशीच करत. लोखंडी कढई, बिडाचा तवा, गंजलेली किसणी यांनी अख्खं पीठ काळं पडतं. स्टीलची पातेली, काचेच्या बरण्या, लाकडी किंवा स्टीलचा डाव वापरा. बिनकल्हईची पितळी-तांब्याची भांडीही बाजूला ठेवा. सोसायटीला टँकरचं किंवा बोअरवेलचं पाणी येत असेल तर तेही आधी बघा. त्यात लोह असेल तर पहिल्याच पाण्यात गर करडा पडतो. तेव्हा गाळणीतून आलेलं पिण्याचं पाणी घ्या.

टप्पा ६: थंड पाणी की उकळतं पाणी, हे आधी ठरवा

सगळ्यांत जास्त घोटाळा इथे होतो. दोन पद्धती आहेत आणि त्या मधे बदलता येत नाहीत.

थंड पद्धतीत स्टार्च कच्चंच राहतं. त्यामुळे पीठ चिकटतं, थालीपीठ बांधलं जातं, वड्या पडतात. वेळ मात्र चार दिवसांपासून दहा-बारा दिवसांपर्यंत लागतो. उकळत्या पद्धतीत एका दुपारी काम होतं, पण स्टार्च शिजून जातं. त्याच्या पिठाला स्वतःची चिकण उरत नाही, ते दुसऱ्या पिठात मिसळूनच वापरावं लागतं. तुकडे तसेच ठेवून उसळीत, भातात, भाजीत घालायचे असतील तर उकळती पद्धत चांगली.

माझा कौल थंड पद्धतीला आहे. एकॉर्नची खरी चव, ती किंचित गोडसर, मातकट चव तीत टिकते. पण फ्रिजमध्ये मोठ्या बरणीला जागा नसेल तर उकळतीच करा, कारण पुण्याच्या मार्च-एप्रिलच्या उन्हाळ्यात ओट्यावर ठेवलेली बरणी दुसऱ्या दिवशी आंबते.

दोन्हींसाठी सारखी गोष्ट: सुरण किंवा अळूसाठी आपण चिंच-कोकम घालतो, ते इथे उपयोगाचं नाही. तिथला त्रास खाजेचा असतो, इथला टॅनिनचा. खायचा सोडाही घालू नका. सोड्याने पाणी गडद होतं, त्यामुळे रंगावरून काहीच कळेनासं होतं, आणि पिठाला साबणासारखी चव लागते.

टप्पा ७ (अ): थंड पाण्याची कृती

१. पाव किलो सोललेला वाळका गर रात्रभर भरपूर पाण्यात भिजत घाला. सकाळी ते तपकिरी पाणी फेकून द्या. इथे काम संपलं असं समजू नका. अख्ख्या गरातून टॅनिन फार सावकाश बाहेर येतं, भिजवणं हे फक्त वाटण्यासाठी आहे.

२. मिक्सरमध्ये ताजं पाणी घालून बारीक वाटा. बोटांना अगदी बारीक रवाळ लागलं पाहिजे. कण जेवढा बारीक, तेवढं टॅनिन लवकर सुटतं. जाड भरड ठेवलीत तर पंधरा दिवसांनीही कणाच्या पोटात तुरटपणा राहतो. मिक्सर गरम होईपर्यंत सलग फिरवू नका, थांबत थांबत वाटा.

३. तीन लिटरच्या काचेच्या बरणीत ओता, पाण्याने जवळजवळ काठोकाठ भरा, ढवळा आणि फ्रिजमध्ये ठेवा. कुरडयांसाठी गव्हाचा चीक काढताना जसा साका खाली बसतो आणि वर निवळी राहते, तसंच इथे होतं. ज्यांनी घरी चीक काढला आहे त्यांचा हात या कामाला आधीच बसलेला असतो.

४. दर बारा तासांनी वरची निवळी हलक्या हाताने ओतून द्या. खालच्या भरडीवर जो फिकट मऊ थर बसतो ते स्टार्च, पिठाची सगळी चिकण त्यातच आहे. बरणी झटक्याने उलटी केली की तोच आधी वाहून जातो. शेवटचं थोडं पाणी राहिलं तरी चालेल.

५. नवीन थंड पाणी भरल्यावर लांब डावाने तळापासून ढवळा. पाणी बदललं पण साका हलवला नाही, ही सगळ्यांत जास्त होणारी चूक आहे. वरचं पाणी स्वच्छ दिसतं आणि तळाचा थर होता तसाच कडू राहतो. दोन पाण्यांच्या मधेही एकदा ढवळा.

६. हे चालू ठेवा. किती वेळा, याला आकडा नाही. फळाची जात, झाड, वाटण्याचा बारीकपणा यावर ते ठरतं. थांबायचं कधी ते टप्पा ९ सांगेल.

तपासा: बरणीचा वास रोज घ्या. ओल्या लाकडासारखा सौम्य वास ठीक. आंबूस वास, फेस किंवा वर तवंग दिसला तर ते टाकून द्या आणि पुढच्या वेळी पाणी अधिक वेळा बदला.

टप्पा ७ (ब): उकळत्या पाण्याची कृती

गराचे हरभऱ्याच्या डाळीएवढे तुकडे करा. दोन मोठी स्टीलची पातेली दोन शेगड्यांवर पाण्याने भरून उकळत ठेवा. एका पातेल्यात तुकडे टाका, पंधरा-वीस मिनिटं उकळू द्या. पाणी गडद होईल. स्टीलच्या चाळणीत गाळून तुकडे लगेच दुसऱ्या उकळत्या पातेल्यात टाका. रिकाम्या पातेल्यात ताजं पाणी भरून पुन्हा उकळत ठेवा. हीच आलटापालट चालू राहते.

मधे तुकडे थंड पाण्यात टाकू नका. ते निवतात, टॅनिन सुटण्याचा वेग मंदावतो आणि गॅस वाया जातो. दोन पातेली त्यासाठीच आहेत.

कुकरला लावण्याचा मोह होतो. कुकरमध्ये तुकडे मऊ होतात, पण त्याच टॅनिनभरल्या पाण्यात बसून राहतात. पाणी बदललं नाही तर शिजवण्याचा काही उपयोग नाही. तुकडे मऊ पडले म्हणजे तयार झाले, हाही गैरसमज आहे. मऊपणाचा आणि तुरटपणाचा काहीही संबंध नाही.

साधारण सहा-सात पाण्यांनंतर पाणी फिकट होऊ लागतं. काही फळांना दहा-बारा पाणी लागतात.

दोन्ही पद्धतींत निघालेलं पाणी मोरीत भरपूर पाण्याबरोबर सोडा. कुंड्यांना घालू नका. संगमरवरी ओट्यावर सांडलं तर लगेच पुसा, डाग राहतो. गाळायला जुनंच फडकं घ्या.

सावधान: कच्चे एकॉर्न, कवचं किंवा नको झालेला चोथा गाय, घोडा, शेळी यांना घालू नका. टॅनिनने गाईगुरांचं आणि घोड्यांचं मूत्रपिंड निकामी होऊ शकतं. सोसायटीच्या दाराशी येणाऱ्या गाईला ‘काहीतरी झाडपाल्याचं आहे’ म्हणून टाकणं तिच्या जिवावर बेतेल.

टप्पा ८: पाकीटबंद स्टार्च वापरत असाल तर

वर म्हटलेलं दोतोरी स्टार्च पाण्यात कालवून, शिजवून बघा आणि टप्पा ९ मधली चव-परीक्षा एकदा करा. बहुधा पास होईल. मग थेट टप्पा ११.

टप्पा ९: चव, आणि फक्त चव

पाण्याच्या रंगावर जाऊ नका. काही जातींचं पाणी शेवटपर्यंत फिकट पिवळसर राहतं आणि तरी गर गोड झालेला असतो. काहींचं स्वच्छ होतं आणि गर तुरटच असतो. ‘आठ पाणी झाली’ हा पुरावा होत नाही. निर्णय जिभेचा.

थंड पद्धतीत बरणी ढवळून मधला अर्धा चमचा घ्या. उकळत्या पद्धतीत सगळ्यांत मोठा तुकडा निवडा आणि कापून त्याच्या मध्यातला भाग घ्या. तोंडात अर्धं मिनिट चावा, गालांच्या आत फिरवा, थुंका. लगेच निर्णय देऊ नका. मिनिटभर थांबा, कारण तुरटपणा उशिरा चढतो. जीभ टाळूला चिकटल्यासारखी वाटली, गाल आत ओढले गेले, तर अजून पाणी बदलायचं. चव नुसती पिठूळ, फिकी, किंचित गोडसर लागली तर झालं.

सलग चाखत राहिलात तर तोंड सरावतं आणि तुरट असलेलंही बरं वाटू लागतं. दोन परीक्षांमधे अर्धा तास जाऊ द्या, आणि शेवटचा निकाल ज्याने दिवसभरात चाखलेलं नाही अशा घरातल्या दुसऱ्या माणसाकडून घ्या. चहा पिऊन लगेच परीक्षा करू नका, चहातही टॅनिन असतं.

जोडीला एक खात्री करता येते. शेवटचं धुतलेलं पाणी छोट्या काचेच्या पेल्यात घ्या, त्यात गंजका खिळा टाकून रात्रभर ठेवा. पाणी निळसर काळं झालं तर टॅनिन बाकी आहे. नुसता गंजाचा तांबूस रंग आला तर ठीक. पेल्यातलं पाणी अर्थातच फेकायचं. ही परीक्षा जिभेच्या जोडीला आहे, जिभेऐवजी नाही.

‘थोडा तुरट राहिलाय, गूळ घालून निभावेल’ असं करू नका. गूळ चव झाकतो, टॅनिन पोटात जायचं तसंच जातं.

टप्पा १०: निथळणं, वाळवणं, साठवण

थंड पद्धतीतला साका दुहेरी मलमलीत ओता, निथळू द्या आणि मग सावकाश पिळा. जोर लावून पिळलं तर स्टार्च कापडातून निसटतं. म्हणून खाली पातेलं ठेवा, त्यात जमलेलं पांढुरकं पाणी दोन तास स्थिर ठेवून त्याचा साका पुन्हा पिठात घ्या.

ओला गोळा स्टीलच्या ताटात अगदी पातळ पसरून कडक उन्हात जाळीखाली वाळवा. दर दोन तासांनी हाताने फोडून उलटा. एका दिवसात वाळला नाही तर रात्री फ्रिजमध्ये ठेवा, ओटीवर सोडू नका. ओव्हन वापरलात तर ५० अंशांच्या आसपासच ठेवा, जास्त तापलं की स्टार्च शिजायला लागतं. कडकडीत वाळल्यावर मिक्सरमध्ये दळून चाळा. बाहेरच्या गिरणीत देऊ नका. माल थोडा असतो, दुसऱ्या धान्यात मिसळून जाईल, आणि ज्याला नट्सची ॲलर्जी आहे अशा कुणाच्या तरी पिठात तुमचं पीठ जाईल.

एकॉर्नमध्ये तेल असतं, त्यामुळे पीठ डब्यात बाहेर ठेवलं तर खवट होतं. हवाबंद बरणीत फ्रिजमध्ये महिनाभर, फ्रीजरमध्ये सहा महिने. ओलं पीठ दोन दिवसांत संपवा. खवट वास आला तर थालीपीठ करून संपवण्याची काटकसर नको.

टप्पा ११: पहिल्यांदा काय करायचं

पहिल्या दिवशी दोन चमचे पीठ पोटात जाईल एवढंच. अक्रोड, काजू किंवा दुसऱ्या नट्सची ॲलर्जी असणाऱ्यांनी खाऊ नये. रक्तात लोह कमी असलेल्यांनी, मूत्रपिंडाचा आजार असलेल्यांनी आणि गरोदर स्त्रियांनी, तसंच लहान मुलांच्या बाबतीत, डॉक्टरांना विचारल्याखेरीज नको.

थालीपीठ: तीन वाट्या नेहमीची भाजणी, एक वाटी एकॉर्नचं पीठ, कांदा, कोथिंबीर, तिखट, मीठ, ओवा. हे पीठ पाणी सावकाश पितं, म्हणून भिजवून वीस मिनिटं झाकून ठेवा आणि मग थापा. उकळत्या पद्धतीचं पीठ असेल तर प्रमाण अर्ध्या वाटीवर आणा, नाहीतर थालीपीठ उलटताना तुटतं. तव्यावर ते नेहमीपेक्षा गडद दिसतं, करपलं समजून लवकर काढू नका.

नुसत्या पिठाची भाकरी करायला जाऊ नका. ती थापली जात नाही. ज्वारीच्या पिठात चौथा हिस्सा मिसळा आणि उकड काढून करा.

वड्या: कोरियन मंडळी एकॉर्नच्या स्टार्चच्या थरथरत्या वड्या करतात, तिकडे त्यांना दोतोरीमुक म्हणतात. यासाठी थंड पद्धतीचं स्टार्च किंवा पाकिटातलं स्टार्चच लागतं, उकळलेलं पीठ जमत नाही. अर्धी वाटी स्टार्च तीन वाट्या गार पाण्यात गुठळी न ठेवता कालवा, चिमूटभर मीठ घाला आणि मध्यम आचेवर सतत ढवळा. आधी काहीच होत नाही, मग एकदम घट्ट होतं, तेव्हा हात थांबला तर तळाला लागतं. जाड बुडबुडे फुटू लागले की आच मंद करून आणखी पाच मिनिटं ढवळा. ही पाच मिनिटं गाळली तर वड्या कापताना विरघळल्यासारख्या होतात. चमचाभर तिळाचं तेल घालून तेल लावलेल्या थाळीत ओता. दोन-तीन तास बाहेरच निवू द्या, पूर्ण घट्ट झाल्यावर सुरीने कापा. वर सोया सॉस, भाजलेले तीळ, पातीचा कांदा आणि थोडं लाल तिखट. फ्रिजमध्ये ठेवलेली वडी पांढरट आणि ठिसूळ होते. तसं झालं तर मिनिटभर उकळत्या पाण्यात बुडवून काढा, पुन्हा मऊ होते.